करार पाच महिन्यांचा, गुडघा बारा महिन्यांचा

हे प्रकरण कुणा एका मुलीचं नाही. नागपूर-कामठी पट्ट्यातल्या मुलींच्या फुटबॉलमध्ये जे पुन्हा पुन्हा घडतं, ते एका खेळाडूच्या सव्वा वर्षात बसवून मांडलं आहे. तिच्या रकमा, तारखा, मापं त्यासाठी धरलेली आहेत. नियम, वैद्यकीय निकष आणि स्पर्धांचे तपशील मात्र आहेत तेच.

खेळाडू कामठीची, वय 20, राइट बॅक, म्हणजे उजव्या बाजूची बचावपटू. बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला, राष्ट्रसंत तुकडोजी महाराज नागपूर विद्यापीठाच्या संघातून खेळलेली, राज्याच्या सीनियर संघाच्या शिबिरापर्यंत पोहोचलेली. डिसेंबर ते एप्रिल ती राज्याबाहेरच्या एका क्लबकडे होती. इंडियन विमेन्स लीगमधला संघ, त्यात ती दुसऱ्या पसंतीची राइट बॅक. महिना 18,000 रुपये, राहणं-खाणं क्लबचं. 30 एप्रिलला करार संपला, संघव्यवस्थापक फोनवर म्हणाले, "पुढच्या सीझनला येच," आणि ती घरी आली. 24 मे रोजी डावा गुडघा गेला.

या चोवीस दिवसांत ती कुणाचीच खेळाडू नव्हती. प्रकरणाची सगळी गाठ इथे आहे.

लीगचा हिशेब थोडक्यात. इंडियन विमेन्स लीग 2016-17 मध्ये सुरू झाली. पहिली काही वर्षं ठरावीक ठिकाणी संघ जमवून थोड्या दिवसांत स्पर्धा उरकायची. 2023-24 पासून घरच्या आणि बाहेरच्या मैदानावर सामने सुरू झाले, खाली दुसरा गटही आला. तरी 2024-25 चा मोसम जानेवारीत सुरू होऊन एप्रिलमध्ये संपला. अखिल भारतीय फुटबॉल महासंघाने 2023 मध्ये जाहीर केलं की वरच्या गटातल्या क्लबांनी किमान दहा भारतीय खेळाडूंशी वर्षाला निदान 3.2 लाखांचे करार करावेत. पाऊल मोठंच होतं. पण संघात वीस-पंचवीस जणी असतात आणि हिची जागा त्या दहांत नव्हती. तिचे पाच महिन्यांचे झाले 90,000, म्हणजे वर्षाला वाटले तर महिना साडेसात हजार. फिफाच्या नियमानुसार करार निदान चालू मोसम संपेपर्यंतचा असावा लागतो आणि जास्तीत जास्त पाच वर्षांचा. अठराच्या आतल्या मुलीचा तीन वर्षांपेक्षा मोठा नको. तेव्हा पाच महिन्यांचा करार बेकायदा नव्हता. तोकडा होता.

24 मे

सेव्हन-अ-साइडची स्पर्धा, फ्लडलाइटखाली. नागपूरच्या मे महिन्यात पारा 45 च्या पुढे जातो, दिवसा खेळायची सोयच नसते, म्हणून सामने रात्री. संध्याकाळी सातला एक सामना झाला, साडेनऊला दुसरा. मैदान काळ्या मातीचं, वरून मुरूम टाकलेला. काळी माती उन्हाळ्यात सुकून आकसते, भेगा पडतात, आणि मुरुमाखाली त्या दिसत नाहीत. पायात लीगमध्ये वापरलेले ब्लेड स्टडचे, म्हणजे तळाला पात्यासारखे दात असलेले बूट. ओल्या गवतावर ब्लेड हवेत. कडक जमिनीवर ते रुतले तर सुटत नाहीत. अशा मैदानाला बुटक्या रबरी गुट्ट्यांचे टर्फ शूज लागतात, ते तिच्याकडे होते. घरी.

दुसऱ्या सामन्यात ती मागे धावत होती, समोरची विंगर आत वळली, हिने डावा पाय रोवून दिशा बदलली. कुणाचा धक्का नाही. गुडघा जवळपास सरळ, आत झुकलेला, पंजा जमिनीला खिळलेला. "कट्" असा आवाज तिला आतून आला. एसीएल, म्हणजे गुडघ्याच्या मधोमध असलेला, हाडांना जोडणारा पुढचा लिगामेंट, तुटण्याची ही अगदी ठरलेली तऱ्हा. मुलांपेक्षा मुलींमध्ये हे दोन ते तीन पटीने अधिक दिसतं, आणि मुलींमध्ये बहुतेकदा आधाराचा पाय जातो. हिचा किक मारायचा पाय उजवा.

कारण एकच शोधू नये. चोवीस दिवस ताकदीचा व्यायाम नाही, दोन सामन्यांत तासाभराची विश्रांती, चुकीचे बूट, वॉर्मअप म्हणून मैदानाला दोन चकरा आणि थोडं ताणणं. यातलं शेवटचं सुधारणं सगळ्यात स्वस्त होतं. फिफाचा '11+' हा पंधरा व्यायामांचा वॉर्मअप वीस मिनिटांत होतो: आठ मिनिटं धावण्याचे प्रकार, दहा मिनिटं ताकद, तोल आणि उड्या, शेवटी दोन मिनिटं वेगाने धावणं आणि दिशा बदलणं. साहित्य म्हणून चेंडू आणि काही कोन. आठवड्यातून निदान दोनदा, महिनोन्‌महिने केला तरच उपयोग. लीगमध्ये ती तो रोज करत होती, घरी आल्यावर सुटला. एकटीने करायला कंटाळा येतो, हे खरंच आहे.

सात आठवडे वाया, की नाही?

दोन तासांत गुडघा फुगला. हा तपशील कुणी विचारला नाही. दुसऱ्या दिवशी हळूहळू येणारी सूज साध्या मुरगळण्याचीही असते. तास-दोन तासांत टम्म फुगलेला गुडघा म्हणजे आत रक्त साचलं आहे असंच धरायचं, आणि खेळाडूत त्याचं सगळ्यात नेहमीचं कारण एसीएल. सकाळी ग्राउंडवर विचारणा झाली, "काहून लंगडून राह्यली?" उत्तर, "मुरगळला सर, होते बरोबर." मग मालिशवाला. त्याने गरम तेलाने रगडून पट्टी आवळली. ताज्या रक्तस्रावावर शेक आणि मालिश म्हणजे सूज वाढवण्याची हमी. एक्स-रे झाला, हाड शाबूत निघालं, घरचे निश्चिंत झाले. लिगामेंट एक्स-रेत दिसत नाही.

दहा दिवसांत ती नीट चालू लागली. सरळ चालायला एसीएल फारसा लागत नाही, लागतो तो थांबायला आणि वळायला. चार आठवड्यांनी ती पुन्हा खेळली आणि पंधराव्या मिनिटाला गुडघा सटकला. या दुसऱ्या सटकण्यात आतली गादी, म्हणजे मेनिस्कस, फाटली. जुलैच्या मध्यात हाडांच्या डॉक्टरांनी हाताने लॅकमन चाचणी केली. गुडघा वीस-तीस अंश वाकवून नडगी पुढे ओढायची. तुटलेल्या लिगामेंटमध्ये ती सैल सरकते, शेवटी अडकण्याचा टणकपणा लागत नाही. अर्ध्या मिनिटाची ही चाचणी पहिल्या आठवड्यात झाली असती तर एमआरआयही तेव्हाच झाला असता.

उशिरामुळे मोसम गेला असं सगळे म्हणत होते. ते बरोबर नाही. जूनच्या शेवटी शस्त्रक्रिया झाली असती तरी परतायला लागणारे नऊ महिने म्हणजे मार्चअखेर; जानेवारीचा मोसम तसाही हातचा गेलेलाच होता. उशिराने नेली ती गादी. गादी शिवावी लागली म्हणून पहिले सहा आठवडे 90 अंशांपुढे वाकवायला बंदी आली, आणि पस्तिशीनंतरच्या गुडघेदुखीची शक्यता वाढली. खेळाडूला आणि तिच्या घरच्यांना हे दोन हिशेब वेगवेगळे समजावून द्यावेत, नाहीतर ती मोसम वाचवायला घाई करते आणि गादी गमावते.

पैसे कुणी द्यायचे

क्लबच्या करारात वाक्य होतं: कराराच्या काळातल्या दुखापतीचा खर्च क्लब करेल. 24 मे त्या काळात येत नाही. "पुढच्या सीझनला येच" हा करार नाही, व्हॉट्सॲपवर अंगठा दाखवला तरी नाही. लेखी, सहीचा, महासंघाच्या नोंदणी प्रणालीत चढवलेला कागद हाच करार.

इथे एक नियम फारच थोड्या मुलींना माहीत असतो. फिफाच्या नियमांनुसार झालेला करार वैद्यकीय तपासणीच्या निकालावर अवलंबून ठेवता येत नाही. क्लबला गुडघा तपासायचा तर सहीआधी तपासावा. एप्रिलमध्ये, ती धडधाकट असताना, पुढच्या मोसमाच्या अखेरपर्यंतचा करार झाला असता तर मेच्या दुखापतीने तो आपोआप गळून पडला नसता. अर्थात दुखापत लपवून सही करणं ही वेगळी गोष्ट, ती अंगाशी येते.

तिचा एप्रिलचा पगारही थकला होता. नियम असा की दोन महिन्यांचा पगार थकला, लेखी नोटीस देऊन पंधरा दिवसांची मुदत दिली आणि तरी पैसे आले नाहीत, तर खेळाडू योग्य कारणाने करार मोडू शकते. एका महिन्याच्या थकबाकीवर ते करता येत नाही आणि इथे करार संपलेलाच होता. पण थकलेली रक्कम मागण्याचा हक्क करारासोबत संपत नाही. ईमेलने लेखी मागणी, सोबत कराराची प्रत आणि आधीच्या महिन्यांचं बँक स्टेटमेंट. तरी नाही मिळाले तर महासंघाच्या खेळाडू दर्जा समितीकडे तक्रार. तिचे आधीचे चार पगार बँकेत जमा झाले होते म्हणून पुरावा होता. रोखीत घेतले असते तर तोंडी भांडण उरलं असतं. पैसे सप्टेंबरमध्ये आले.

विमा दोन प्रकारचा असतो आणि इथेच घोळ होतो. स्पर्धेचे आयोजक 'खेळाडूंचा विमा आहे' म्हणतात तेव्हा तो बहुधा गट अपघात विमा असतो: मृत्यू किंवा कायमचं अपंगत्व आलं तर रक्कम, दुर्बिणीच्या शस्त्रक्रियेला शून्य. खर्च हवा तर मेडिक्लेम. मेडिक्लेमच्या ठरावीक वगळणुकींत 'धोकादायक किंवा साहसी खेळात व्यावसायिक म्हणून भाग घेणं' हे कलम आहे. त्यातल्या उदाहरणांत गिर्यारोहण, रॅफ्टिंग, मोटार शर्यती आहेत, फुटबॉल नाही. तरी ही यादी तेवढ्या उदाहरणांवर संपत नसल्याने दावा अडू शकतो. पॉलिसी घेतानाच 'क्लबसाठी पगारावर फुटबॉल खेळते' असं लिहून विचारायचं आणि उत्तर लेखी घ्यायचं. आजारासाठी पहिल्या तीस दिवसांची प्रतीक्षा असते, अपघाताला ती नसते. हिच्याकडे मेडिक्लेम नव्हता. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत नेमकं कोणतं पॅकेज लागू पडतं, हे रुग्णालयातल्या आरोग्यमित्राला विचारायचं, तेही दाखल होण्याआधी. स्क्रूचा किंवा गादी शिवायच्या साहित्याचा खर्च पॅकेजात धरला आहे का, हा प्रश्न वेगळा विचारायचा.

रक्ताचा अहवाल

शस्त्रक्रियेआधीच्या तपासणीत हिमोग्लोबिन 10.4 निघालं. बाईसाठी 12 च्या खाली म्हणजे पांडुरोग. म्हणजे अख्खा मोसम ती कमी रक्तावर धावत होती, आणि सत्तराव्या मिनिटानंतर मागे पडते म्हणून 'फिटनेस कमी' हा शिक्का तिच्यावर बसला होता.

विदर्भात इथे थांबून आणखी एक तपासणी करायची: सिकलसेल, म्हणजे तांबड्या पेशींचा आनुवंशिक आजार. या भागात तो मोठ्या प्रमाणावर आहे. आधी विद्राव्यता चाचणी, ती पॉझिटिव्ह आली तर इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी ही खात्रीची चाचणी. हिचा अहवाल एएस आला, म्हणजे ती वाहक, रुग्ण नाही. वाहक मुलीने फुटबॉल सोडायचं काहीही कारण नाही. पण तीन ठिकाणी फरक पडतो. एक, शस्त्रक्रियेत मांडीला पट्टा आवळून रक्तप्रवाह थांबवतात. भूल देणाऱ्या डॉक्टरला आधी सांगायचं. दोन, उन्हात, पाणी कमी पडलेलं असताना, विश्रांती न देता मारलेल्या स्प्रिंटच्या फेऱ्या वाहकाला धोक्याच्या ठरू शकतात. शिक्षा म्हणून दहा चकरा लावणाऱ्या प्रशिक्षकाला हे माहीत असलंच पाहिजे. पायात गोळे यावेत तशी वेदना आणि अशक्तपणा आला तर 'नाटक करते' म्हणायचं नाही, लगेच थांबवायचं, सावलीत घ्यायचं, पाणी द्यायचं, न ओसरल्यास दवाखाना. तीन, हिमोग्लोबिन कमी दिसलं म्हणून लोहाच्या गोळ्या डोळे मिटून सुरू करायच्या नाहीत. आधी फेरिटिन, म्हणजे शरीरातला लोहाचा साठा दाखवणारी रक्ताची चाचणी. हिचं फेरिटिन कमी होतं, पाळीत रक्तस्राव जास्त होता, म्हणून गोळ्या सुरू झाल्या. गोळीच्या आणि जेवणाच्या आसपास चहा बंद, सोबत लिंबू किंवा संत्रं. नागपुरात संत्रं सुचवायला आहारतज्ज्ञ लागत नाही. चहा सोडवायला मात्र दोन महिने गेले.

ऑगस्ट ते जुलै

शस्त्रक्रियेआधी तीन आठवडे गुडघा पूर्ण सरळ करणं, सूज उतरवणं आणि मांडीचा पुढचा स्नायू जागा करणं. फुगलेल्या, अडकलेल्या गुडघ्यावर घाईने शस्त्रक्रिया केली की तो पुढे आखडतो.

नवा लिगामेंट, म्हणजे ग्राफ्ट, कुठून घ्यायचा, हा निर्णय सर्जनचा, पण खेळाडूने विचारायला हवा. मांडीमागच्या हॅमस्ट्रिंगमधून घेतला तर जखम लहान राहते. मात्र हाच स्नायू एसीएलला साथ देतो आणि कोवळ्या वयाच्या खेळाडूंत हा ग्राफ्ट पुन्हा तुटण्याचं प्रमाण थोडं अधिक दिसतं. वाटीखालच्या पट्ट्यातून घेतला तर पकड भक्कम, पण गुडघे टेकताना दुखतं, आणि जमिनीवर बसून जेवणाऱ्या-भांडी घासणाऱ्या घरात हा प्रश्न लहान नाही. इथे वाटीखालचा घेतला. घरी एक स्टूल आलं.

पहिल्या दोन आठवड्यांत गुडघा शून्य अंशापर्यंत सरळ झाला पाहिजे. उशी टाचेखाली ठेवायची. सगळे प्रेमाने गुडघ्याखाली ठेवतात, त्याने तो वाकलेलाच राहतो. सहा आठवड्यांनंतर सायकल, भिंतीला टेकून अर्धं बसणं, वीस सेंटिमीटरच्या पायरीवर चढ-उतार. दप्तरात वाळू भरून वजन. लेग एक्स्टेन्शनचं मशीन सुरुवातीला नाही. पुढे 90 ते 45 अंशांच्या टप्प्यात, फिजिओसमोर. धावणं साधारण बाराव्या आठवड्यापासून, तेही सूज नसेल आणि एका पायावर दहा वेळा आत न झुकता बसता येत असेल तर. तारीख गाठली म्हणून धावायचं नाही.

सगळ्यात अवघड गेला सहावा महिना. गुडघा दुखत नव्हता, जानेवारीची थंडी, मैदानं भरलेली, आणि एका सामन्याचे 1,500 देणारे फोन. बाहेरून बरा वाटणारा ग्राफ्ट आतून अजून लिगामेंट झालेला नसतो. ते काम वर्षभर आणि पुढेही चालतं. नऊ महिन्यांपर्यंत परतीला जितका उशीर, तितका दर महिन्याला पुन्हा दुखापतीचा धोका जवळपास निम्म्याने कमी झालेला अभ्यासात दिसला आहे. वळण्या-थांबण्याच्या खेळात परतलेल्या तरुण खेळाडूंपैकी जवळजवळ चौथ्या हिश्शाला याच नाहीतर दुसऱ्या गुडघ्याचा एसीएल पुन्हा गमवावा लागतो. आकडा ऐकून ती गप्प झाली. 1,500 ला नाही म्हणता यावं म्हणून तिला तेवढं काहीतरी दुसरं हवं होतं; एका शाळेच्या मुलींना आठवड्यातून तीन दिवस शिकवण्याचं काम मिळालं. ही सोय फिजिओइतकीच उपचाराचा भाग होती, असं आमचं मत आहे.

मेमध्ये, नऊ महिने पूर्ण झाल्यावर, चाचणी. एका पायावर लांब उडी: उजवा 148 सेंटिमीटर, डावा 131. म्हणजे 88.5 टक्के. निदान 90 हवेत, तेही मांडीची ताकद, तिहेरी उडी, तिरकी उडी आणि सहा मीटरच्या वेळेसकट सगळ्यांत. शिवाय उजवा पायही वर्षभर बसून अशक्त झालेला असतो, तेव्हा त्याच्याशी केलेली तुलना थोडी खोटीच असते. नापास. जूनच्या तिसऱ्या आठवड्यात उजवा 150, डावा 141, 94 टक्के. बाकीच्या चाचण्याही पार.

या काळात कागदांचं एक काम उरकलं. महाराष्ट्रात शासकीय नोकऱ्यांत खेळाडूंना 5 टक्के आरक्षण आहे, पण प्रमाणपत्रांची विभागीय क्रीडा उपसंचालकांकडून पडताळणी लागते. तिच्या फाइलमध्ये सेव्हन-अ-साइडची अकरा प्रमाणपत्रं होती, चकचकीत, लॅमिनेशन केलेली. कामाची तीनच: मान्यताप्राप्त संघटनेच्या आणि विद्यापीठाच्या स्पर्धांची. त्यातल्या एकावर आडनावाचं स्पेलिंग दहावीच्या मार्कशीटपेक्षा वेगळं. दुरुस्तीला चार महिने लागले. लॅमिनेशन करू नये, मागच्या बाजूला शिक्के मारायची वेळ येते.

नवा करार

जुलैमध्ये दुसऱ्या गटातल्या एका क्लबशी बोलणं झालं. तिने एमआरआय, शस्त्रक्रियेचा अहवाल आणि उड्यांची मापं सहीआधीच समोर ठेवली. महिना 18,000 ची मागणी सोडली. बारा महिने, महिना 11,000 मागितले. वर्षाचे 1,32,000. क्लबला एका महिन्यात जाणारा पैसा कमी, तिला मे महिन्यात कुणाचं तरी असणं. दुसऱ्या फळीतल्या मुलीला असा करार सहज मिळत नाही. इथे क्लबला शाळांमध्ये शिकवणारी खेळाडू हवी होती, म्हणून जमलं. कलमं तिने चार मागितली, तीन मिळाली: पगार सात तारखेच्या आत बँकेत, कराराच्या काळातली दुखापत, घरी ठरवून दिलेला व्यायाम करताना झालेलीसुद्धा, क्लबची, आणि उपचार करारापुढे लांबले तरी तंदुरुस्त होईपर्यंत खर्च क्लबचा. चौथं होतं बाळंतपणाच्या रजेचं. फिफाच्या नियमात 2021 पासून निदान चौदा आठवडे, दोन तृतीयांश पगारावर, अशी तरतूद आहे. क्लब म्हणाला, नियमात आहे तर कागदावर कशाला. कागदावर असायला हवं होतं.

तिनेही एक कलम मान्य केलं: लेखी परवानगीशिवाय बाहेरची स्पर्धा नाही.

ऑगस्टमध्ये, पावसाने मऊ झालेल्या मैदानावर, सराव सामन्यात ती 62 व्या मिनिटाला उतरली. अठ्ठावीस मिनिटं, त्याहून जास्त नाही, असं ठरलेलं होतं. दुसऱ्या दिवशी सकाळी उठल्याबरोबर सूज मोजायला वाटीच्या मध्यावर टेप लावला, आधी उजव्या, मग डाव्या गुडघ्याला. फरक अर्धा सेंटिमीटर, आदल्या दिवशीइतकाच.